आईच्या आवाजातला कचरा

मी गाव सोडलं त्या दुपारी आई घरी नव्हती. जीप दारात उभी, बॅग टपावर बांधलेली, शेजारपाजारचे सगळे ओट्यावर जमलेले, आणि आई खालच्या मोहल्ल्यात कुणाच्या तरी मुलीच्या हळदीला गाणी म्हणायला गेलेली. श्रीवर्धनकडचं आमचं खाडीकाठचं गाव. तिथे लग्नघरातून सुपारी आली आणि गाणाऱ्या बाईने ती हातात घेतली, की घरी काहीही असो, तिने जायचं. माझा व्हिसा महिनाभर अडकून आदल्या दिवशी अचानक सुटला होता, आणि सुपारी त्याच्या आठवडाभर आधीची. "घेतली रे, आता नाय कशी म्हणू?" सकाळी ओढणी सावरत, माझ्याकडे न बघता ती एवढंच म्हणाली. जाताना उंबऱ्यावरून, "जिकडे जाशील तिकडे पोटभर जेव. रडायचं नाय. पाण्यापलीकडे जाणाऱ्याने रडायचं नसतं."

जीप त्या मोहल्ल्यावरून गेली तेव्हा मांडवातून तिचा आवाज आला. जाड, कडेला फाटलेला, माडांच्या वर चढून पुन्हा खाली पडणारा. ड्रायव्हर म्हणाला, "तुझी आईच ना? थांबू काय?" मी म्हणालो, "चला हो, पुढे चला."

माझ्या मांडीवर प्लॅस्टिकची फाइल होती. तिच्यात माझी इलेक्ट्रॉनिक्सची डिग्री, मागच्या बाजूला मंत्रालयापासून दूतावासापर्यंतचे शिक्के. बाबा अठरा वर्षं सौदीत रास तनुराच्या कॅम्पात राहून तेलाच्या पाइपांना उष्णता अडवणारी जाकिटं चढवत होते. मी निघताना ते म्हणाले होते, "मी अंगठा लावून गेलो, तू सही करून जा." आमच्या घरातला मी पहिला ग्रॅज्युएट. हे मी कुणाशीही बोलताना तिसऱ्या वाक्यात सांगतो असं माझी बायको रुबिना म्हणते. सांगतो, खरं आहे. ज्याच्या घरात चार पिढ्या ग्रॅज्युएट असतील त्याने खुशाल सांगू नये.

तर तिकडे गावात राहिलेल्यांनो, आणि माझ्यासारखे फाइल घेऊन निघालेल्यांनो, या डिग्रीने मला जे दिलं ते मी कधी नाकारणार नाही. मात्र तिच्या जोरावर मी एक गोष्ट मोडली, तीही सांगायला हवी.

रियाधमध्ये पहिली सहा वर्षं मी अल मलाझ भागातल्या एका दुकानातून काम केलं. ऑफिसांत, शाळांत, हॉलमध्ये स्पीकर बसवायचे. इकामा, म्हणजे इथे राहण्याचा परवाना, हातात आला त्या दिवशी मी त्याचा फोटो काढून घरी पाठवला. आईने तो उलटा धरून बघितला म्हणे, आणि म्हणाली, "बारीक झालाय." मग या देशात गाण्याबजावण्याचे कार्यक्रम सुरू झाले. पूर्वी इथे चारचौघांत तबला दिसला तर लोक वळून बघायचे, आता सीझनमध्ये दर आठवड्याला स्टेज उभं राहतं. कफील, म्हणजे ज्याच्या नावावर इथे राहतो तो मालक, बदलून मी कार्यक्रमांच्या कंपनीत साउंड इंजिनीअर म्हणून लागलो. माझं काम एका ओळीत सांगतो: गाणाऱ्याच्या आवाजातला कचरा काढायचा. श्वास, खाकरणं, एसीची घरघर, मागचा गोंगाट. त्यासाठी एक सोय असते, तिला आम्ही गेट म्हणतो. ठरावीक पातळीच्या खालचा आवाज आला की ते दार लावून घेतं. माझी गेटं अशी असायची की इजिप्तचा नामांकित गवई एकदा म्हणाला, "अश्रफ, तुझ्या माइकवर मी वीस वर्षांनी लहान वाटतो."

नऊ वर्षांपूर्वी सुट्टी काढून गावी गेलो, माझं लग्न झालं. हळदीला आई गायली. मी पाटावर पिवळा होऊन बसलेलो, आणि फोन रेकॉर्डिंगला लावून फडताळावर ठेवलेला. हळदीच्या गाण्याला चाल ठरलेली, पण शब्द निम्मेच ठरलेले असतात. बाकीचे तिथल्या तिथे होतात. कोणाचा मुलगा, कोणाचा भाचा, कोण आलं, कोण रुसलं, वरण कसं झालं. आई एक ओळ म्हणते आणि भोवतालच्या बाया झील धरतात, म्हणजे तीच ओळ सगळ्या मिळून उचलतात, तोवर आई पुढची ओळ जुळवते.

रियाधला परतल्यावर मी ते रेकॉर्डिंग कॉम्प्युटरवर घेतलं आणि चार शुक्रवार बसून साफ केलं. बांगड्या काढल्या. भांडी काढली. आईचा खोकला, मधलं तिचं "अगो, पाणी दे", आमच्या मावशीचं, सकीनाखालाचं बेसूर किंचाळणं, सगळं काढलं. झील तर पूर्णच काढली, कारण पन्नास बायांत दोघी सुरात होत्या. उरला नुसता आईचा आवाज, काचेसारखा. मूळ फाइल मोठी होती, जागा खात होती, ती पुसून टाकली. साफ केलेलं गाणं घरी पाठवलं. आईचा उलट निरोप आला: "चांगला आहे आवाज. कोणाचा?"

मला वाटलं, थट्टा करतेय. मी हसण्याची दोन चित्रं पाठवली.

त्यानंतर बाबा गेले. पुढे आईच्या गळ्याला थायरॉइडची गाठ निघाली, पनवेलला ऑपरेशन झालं. डॉक्टर म्हणाले, बोलण्यापुरता आवाज येईल, गाण्याचं सांगता येत नाही. बोलण्यापुरता आला. बारीक, मधेच वाऱ्यावर गेल्यासारखा. सुपाऱ्या यायच्या थांबल्या नाहीत, आईने घ्यायच्या थांबवल्या.

या वर्षी धाकट्या बहिणीचं, नाझियाचं लग्न ठरलं. हळदीच्या सतरा दिवस आधी आईचा आवाजी निरोप आला. तो माझ्या फोनवर अजून आहे. "अश्रफ, ऐक. नाझियाच्या हळदीला ते तुझ्या लग्नातलं गाणं लावू, मोठ्या स्पीकरवर. माझ्याच्याने आता होत नाय. फक्त तुझं नाव काढ नि तिचं घाल. बापाचं नाव राहू दे, बाप तोच आहे. तुला जमतं ते. शिकलायस ना."

मी लिहिलं, "एका तासाचं काम आहे."

त्याच आठवड्यात आमच्याकडे तुर्कस्तानची एक गायिका आली. हातिजे तिचं नाव, आपल्याकडची खतिजा. तिकडे बाईच्या नावापुढे आदराने हानम लावतात, म्हणून आम्ही सगळे हातिजे हानम म्हणायचो. साठीच्या पुढची, पांढरे आखूड केस, पायात पुरुषी बूट. कार्यक्रमाच्या कागदावर लिहिलेलं: पूर्वार्धात लोकगीतं, उत्तरार्धात मुक्त गायन. मुक्त म्हणजे काय, असं मी मॅनेजरला विचारलं. तो म्हणाला, "मला माहीत नाही, खलास, तू माइक लाव."

पहिल्या तालमीला ती गायला लागली. एक जण शेजारी बसून तुर्की तंतुवाद्य वाजवत होता. डोंगराळ भागातलं लांबलचक गाणं, एका श्वासात ओढत नेलेलं, शेवटी हुंदक्यासारखं तुटणारं. मी माझं नेहमीचं गेट लावलं, श्वास कापले, खरखर काढली. मग तिला स्पीकरवर ऐकवलं. ती मान खाली घालून ऐकत होती. संपल्यावर मला म्हणाली, मोडक्या इंग्लिशमध्ये, "फार सुंदर. कोण मेलं?"

मी म्हणालो, "मॅडम, नॉइज होता, तो काढला."

"तो नॉइज नाही, उस्ता. ती मी आहे." तुर्कीत उस्ता म्हणजे कसबी कारागीर. ते तिन्ही दिवस तिने मला त्याच नावाने हाक मारली, आणि दर वेळी त्यात थोडा टोमणा होता.

मला राग आला. मनात म्हटलं, मी हे शिकून आलोय, हिला काय कळतं? पण गेट काढलं, कारण माइक तिचा होता. आणि मग उत्तरार्धाची तालीम झाली. शब्द नव्हते, चाल नव्हती. ती श्वासावर गात होती. घोगऱ्या घशातून, दातांतून, ओठ मिटून. मधेच त्या जुन्या गाण्याचा एक तुकडा यायचा आणि पुन्हा विरघळायचा, जसं घाटातून जाताना फोनला मधेच रेंज येते. पहिल्यांदा मला हसू आलं. नंतर नाही आलं.

चहाच्या सुट्टीत तिने तिची हकीकत सांगितली. पूर्वेकडच्या पहाडातलं गाव. तिथे माणूस गेलं की बायका विलाप गातात, आणि तो तिच्या आजीने सुरू करायचा असा रिवाज. बाप जर्मनीत कारखान्यात गेला, बारा वर्षांची हातिजे मागोमाग गेली. तिथे तुर्की मजुरांच्या लग्नांत हॉलमध्ये गाऊ लागली. "सगळे म्हणायचे, गावासारखं गा. मी गावासारखंच गायचे. पण गाव माझ्यात दर वर्षी थोडं थोडं पुसट होत होतं, आणि मी ते गाण्यात लपवायचे." पंचविशीत तिची गाठ अशा वादकांशी पडली जे काही न ठरवता वाजवत. त्यांनी तिला सांगितलं, आठवत नाही तिथे थांबू नको, तिथूनच गा. तेव्हापासून चाळीस वर्षं ती दोन्ही करते. लोकगीतवाले म्हणतात, बाई बिघडली. दुसरे म्हणतात, बाई अजून गावंढळच. ती म्हणाली, "दोघांचंही खरं आहे. दोघांच्या मधे माझं पोट भरतं."

दुसऱ्या दिवशी मी तिला आईचं रेकॉर्डिंग ऐकवलं. कशाला, तर दाखवायला. बघ, मला काय येतं. तिने हेडफोन लावले, डोळे मिटले, एकदा ऐकलं, पुन्हा ऐकलं. मग हेडफोन काढून तिने विचारलं, "बाकीच्या बायका कुठे आहेत?"

मी म्हणालो, "कुठल्या बायका?"

"ही बाई दर ओळीनंतर थांबते. कुणासाठी तरी थांबते. त्या कुठे गेल्या?"

मी सांगितलं की त्या बेसूर होत्या. चहा पिऊन झाल्यावर तिने एवढंच सांगितलं की तिच्या आजीचा आवाज शेवटची दहा वर्षं पार गेलेला होता, तरी विलाप तीच सुरू करायची. जिचा आवाज फाटला आहे तिनेच सुरू करायचा, चांगल्या आवाजवाल्यांनी उचलून न्यायचा. "चांगला आवाज ओझं उचलायला असतो, उस्ता. ओझं दुसऱ्याचं असतं."

त्या दिवशी कामावरून आल्यावर मी नाझियाचं नाव घालायला बसलो. "नारळ" या शब्दातून ना घेतला. झ कुठेच मिळेना, म्हणून "जात्यावरी"मधला ज घेतला. या दुसरीकडून. तिन्ही जोडले, स्वर ताणून सारखे केले. झालं. स्टेशनवर यंत्रातली बाई गाड्यांची नावं जोडून सांगते, तशी माझी आई तिच्याच मुलीचं नाव घेत होती. मी ते पुन्हा पुन्हा लावलं. रुबिना आणि मुलगी लग्नासाठी आधीच गावी गेलेल्या, घरात मी एकटा. गाण्यात दर ओळीनंतर एक रिकामी जागा होती. नऊ वर्षं मी हे गाणं गाडीत लावत होतो आणि मला ती रिकामी जागा कधी ऐकू आली नव्हती. त्या जागेत माझं सगळं गाव बसलेलं होतं. मी त्याला उठवून बाहेर घालवलं होतं.

तिसऱ्या दिवशी कार्यक्रम झाला. उत्तरार्धात दोन कुटुंबं उठून गेली, काहींनी मोबाइल काढले, आणि पुढच्या रांगेतली एक काळ्या अबायातली म्हातारी रडत बसली. मी एकही श्वास कापला नाही.

दुसऱ्या दिवशी आईला फोन केला. "आई, ते नाव घालायचं... मला येत नाय."

"तासाचं काम म्हणालास ना?"

"म्हणालो. पण येत नाय."

"शिकलास ना रे?"

"शिकलो. यात हे नाय येत." हे वाक्य बोलायला मला किती जड गेलं ते माझ्यासारख्याला कळेल. पुढचं त्याहून जड होतं. "आणि जे पाठवलं होतं ना, ते पण मी मोडलंय. झील काढली. तुझा खोकला काढला. सगळ्या बाया काढल्या. आता त्या परत येणार नायत, मूळचं मी पुसलं."

मला वाटलं, रडेल. ती म्हणाली, "म्हणून! मी तेव्हापासून विचार करते, ही मी एकटी कुठे बसून गायले? तुझ्या हळदीला तर पाय ठेवायला जागा नव्हती."

"तू गा, आई. नाझियाच्या हळदीला तूच गा."

"आवाज फाटतो, बाबा. मधेच जातो. लोक काय म्हणतील, मुलगा सौदीला नि घरात मशीन लावायची ऐपत नाय?"

"फाटू दे. झील धरतील ना बाया?"

"धरतील. ती सकीना तर मेली ओरडून धरील." आणि ती हसली. हसताना तिचा आवाज गेला, नुसता वारा राहिला, मग परत आला. "बघू. नाझियाला सांग, सुपारी दे म्हणावं. घरातली असली म्हणून काय झालं."

त्या दिवशी नाझियाने सुपारी पुढे केली. आईने अर्धा दिवस ती ताटलीतच ठेवली, मग घेतली. एवढं मला रुबिनाने कळवलं.

मला सुट्टी मिळाली नाही. सीझनमध्ये कोण देणार? हळदीच्या दिवशी आमच्याकडे दुपारचे तीन, तिकडे साडेपाच. हॉलच्या मागच्या खोलीत केबलच्या गुंडाळ्यांवर बसून मी व्हिडिओ कॉल लावला. रुबिनाने फोन मांडवाच्या खांबाला बांधला होता. चित्र दिसत होतं: पिवळी नाझिया, बायांचे गुडघे, आमची मुलगी खुशाल माझ्या आईच्या मांडीवर. पण आवाज? हे फोन बोलण्यासाठी केलेले असतात. गाणं आलं की त्यांना तो गोंगाट वाटतो, ते दाबून टाकतात. आईचं तोंड हलताना दिसे आणि मला तुकडे मिळत. "हलद..." मग काही नाही. "...गो" मग काही नाही. एकदा सकीनाखालाची किंकाळी अख्खी आली, ती मात्र कुठल्याच यंत्राला अडवता आली नाही. आईचा आवाज कुठे तुटतो आणि फोन कुठे तोडतो, ते मला वेगळं करता येईना. दर तुकड्यानंतर बायांची तोंडं एकदम उघडत, एवढं दिसत होतं. त्या उचलत होत्या.

हळदीच्या शेवटी आमच्याकडे भावाला हाक मारतात. गाणारी बाई गाण्यातच विचारते, नवरीचा भाऊ कुठे आहे, आणि मांडवाबाहेर उभ्या भावाने तिथून "ओ" द्यायची. मग नवरीला पाटावरून उठवायचं. ओ आली नाही तर पाट हलत नाही. रुबिना फोनजवळ तोंड आणून ओरडली, "अहो, हाक मारली! ओ द्या!" मी दिली. जितक्या जोरात देता येईल तितक्या जोरात दिली. बाहेरून आमचा मिस्री ड्रायव्हर धावत आला, काय झालं म्हणून. त्याच क्षणी चित्र गोठलं आणि कॉल तुटला.

मी पुन्हा लावत राहिलो, लागेना. माझी ओ पोचली की नाही, मला कळेना. यल्ला, स्टेजवर चल, असं म्हणत मॅनेजर दारात उभा. पुढचे दोन तास मी माइक लावले, केबल ओढल्या, आणि माझी बहीण तिकडे पाटावर अडकून बसली आहे असंच मला वाटत राहिलं. मोठा माणूस आहे मी, ग्रॅज्युएट आहे. पण वाटत राहिलं.

रात्रीच्या जेवणाआधी नाझियाचा फोन आला. तिच्या मागे नुसता कलकलाट. "भाई, तुझी ओ आली रे! पण उशिरा आली. आईने हाक मारली, सगळ्या गप्प, फोनमधून काहीच नाय. सकीनाखाला म्हणते, तोंडात मारा त्या फोनच्या. आई थांबलीच नाय, तिने पुढची ओळ सुरू केली, आणि तिच्या निम्म्यात तू एकदम 'ओऽऽ' करून ओरडलास. सगळ्या हसून लोटपोट."

"आणि आई?"

"आईने ती ओळ सोडली आणि तिथेच दुसरी जुळवली." मग नाझियाने ती मला म्हणून दाखवली, लाजत, तिच्या शाळेतल्या कवितेच्या चालीत:

भावाची साद लांबची गो,
दर्या पोहून आली गो,
हलद लागून झाली तरी
आमच्या मांडवी आली गो.

"आवाज कसा होता तिचा?" मी विचारलं.

"फाटका," नाझिया म्हणाली. "दुसऱ्या ओळीत गेलाच. मग आम्हीच म्हटली."

तिने विचारलं, कुणाच्या तरी फोनमध्ये असेल, मागून पाठवू का. मी म्हटलं, असेल तसं पाठव. अजून आलेलं नाही, आणि आलं नाही तरी चालेल.

घर म्हणजे काय, असं पूर्वी कुणी विचारलं असतं तर मी पत्ता सांगितला असता. आता माझ्याच धंद्याच्या भाषेत सांगतो. माझ्या मिक्सरवर एखादा आवाज उशिरा आला तर ती चूक धरतात, आणि मी तो ओढून त्याच्या जागेवर नेऊन बसवतो. माझ्या घरी माझा आवाज उशिरा पोचला, तेव्हा त्याला कुणी ओढलं नाही. गाणं होतं तिथून सरकलं आणि त्याने मला जागा दिली.